दोष हाताचा कीं पडद्याचा?

(नभोवाणीवरून केलेलें भाषण)



आज ज्या विषयावर मी आपणांशीं चार शब्द बोलणार आहें, तो प्रथमदर्शनीं अगदीं क्षुल्लक वाटेल. घरांतील टी. व्ही.च्या चित्राची मांडणी मुलांच्या व्हिडिओ गेमसाठीं एक आणि घरच्या मंडळींच्या नित्याच्या पाहण्यासाठीं दुसरी असावी, एवढेंच मला सांगावयाचें आहे. हा कारागिराचा किंवा दुकानदाराचा विषय. त्यांत शाळामास्तराचें काय काम, असें कोणी विचारील. तें काम कसें पडलें तें आधीं सांगतों.

गेल्या दिवाळीच्या सुटींत माझी मुलगी व दहा वर्षांचा नातू आमच्याकडे आलीं होतीं. नातवानें आपलें गेमचें यंत्र बरोबर आणलें होतें. आमच्या दिवाणखान्यांतील टी. व्ही. त्यांच्या घरच्यापेक्षां मोठा आणि नवा. तेव्हां त्याला मोठा हुरूप आला. तो क्रिकेटचा खेळ लावून बसला आणि पहिल्याच षटकांत त्रिफळाबाद झाला. पुनः बसला, पुनः बाद. मी जवळच वर्तमानपत्र वाचीत होतों. मीं म्हटलें, "अरे, चेंडूवर नजर ठेव. हात वेळेवर चालव." तो म्हणाला, "आजोबा, मी वेळेवरच बटण दाबतों. बॅटच उशिरा फिरते." ज्यानें उभा जन्म शाळेंत घालविला त्याला अशीं उत्तरें नवीं नसतात. पेन चालत नाहीं, फळा दिसत नाहीं, बाक हलतो! मीं जरा करड्या सुरांतच म्हटलें, "नाचतां येईना, अंगण वांकडें." पोराचा चेहरा उतरला. त्यानें यंत्र बंद केलें आणि तो निमूटपणें उठून गेला.

संध्याकाळीं मुलगी बाहेरून आली. हकीकत ऐकून तिनें रिमोट हातीं घेतला, पडद्यावरील यादींतून 'पिक्चर मोड' काढला आणि तेथें 'व्हिव्हिड' होतें त्याच्या जागीं 'गेम' केलें. "बाबा, आतां त्याला खेळूं द्या," ती म्हणाली. तोच मुलगा, तेंच यंत्र, तीच बॅट. पण चेंडू सीमेपार जाऊं लागला. अंगण खरोखरच वांकडें होतें!

त्या दिवसापासून हा विषय मीं समजून घेतला. टी. व्ही. म्हणजे आलेलें चित्र जसेंच्या तसें दाखविणारा आरसा, अशी माझी समजूत होती. ती चुकीची आहे. आजचा संच आरशापेक्षां एखाद्या टापटिपीच्या कारकुनासारखा आहे. त्याच्या टेबलावर आलेला कागद तो तसाच पुढें पाठवीत नाहीं. अक्षर गिरवितो, समास आंखतो, जागोजाग रंगीत शाई फिरवितो, आणि मगच पुढें देतो. चित्रावरील ठिपके पुसणें, कडा ठळक करणें, लहान चित्र मोठ्या पडद्याएवढें करणें, रंग गडद करणें, हीं सर्व कामें संचाच्या पोटांतील गणकयंत्र अखंड करीत असतें. आणि प्रत्येक कामाला सेकंदाचा कांहीं अंश लागतो.

यांतील एका कामाला तर थांबण्यावांचून गत्यंतरच नाहीं. हालचाल गुळगुळीत दिसावी म्हणून संच आलेल्या दोन चित्रांच्या मधलें एक चित्र स्वतःच्या कल्पनेनें तयार करतो. आतां, चेंडू येथून तेथें गेला तर मध्यें तो कोठें असेल, हें ठरविण्यासाठीं 'तेथें' म्हणजे कोठें, हें आधीं कळलें पाहिजे. म्हणून दुसरें चित्र हातीं येईपर्यंत मधलें चित्र काढतां येत नाहीं, आणि मधलें काढून होईपर्यंत दुसरें दाखवितां येत नाहीं.

या सर्व संस्कारांमुळें कांहीं संचांत १०० मिलिसेकंदांहून, म्हणजे सेकंदाच्या दहाव्या भागाहूनही, अधिक उशीर होतो. गेम मोड लावला म्हणजे यांतील बहुतेक संस्कार बंद होतात, आणि आजच्या बऱ्याच संचांत तोच उशीर १० ते २० मिलिसेकंदांवर येतो. सेकंदाचा दहावा भाग तो केवढा, असें आपणांस वाटेल. शाळामास्तराच्या संवयीनें हिशेब करून पाहूं. ताशीं १४० किलोमीटर वेगानें टाकलेला चेंडू एका सेकंदांत सुमारें ३९ मीटर जातो. दहाव्या भागांत जवळजवळ ४ मीटर. खेळपट्टी २२ यार्डांची, म्हणजे सुमारें २० मीटर. पडद्यावरील क्रिकेटचें प्रमाण याच धर्तीचें असतें. मुलाला चेंडू जेथें दिसतो, तेथून तो केव्हांच ४ मीटर पुढें आलेला असतो! अशा स्थितींत बॅट वेळेवर फिरली नाहीं, तर तो दोष कोणाचा?

मग हा उशीर आपणां थोरांना कसा जाणवत नाहीं? कारण सरळ आहे. बातम्या, मालिका किंवा चित्रपट पाहतांना आपण केवळ प्रेक्षक असतों. चित्र थोडें मागाहून आलें तरी संच आवाजही तितकाच मागें धरून ठेवतो. तेव्हां ओठ आणि शब्द जुळलेले राहतात. खेळांत मात्र पाहणाऱ्याचा हातही त्या चक्रांत गुंतलेला असतो. डोळ्यानें पाहावें, हातानें उत्तर द्यावें, आणि तें उत्तर पुनः डोळ्यानें पाहावें. या फेऱ्यांत कोठेंही खोळंबा झाला कीं खेळ बिघडलाच.

यावर कोणी म्हणेल, मग टी. व्ही. सदैव गेम मोडवरच ठेवावा. तेंही बरोबर नाहीं. गेम मोडमध्यें घाई ही पहिली आणि सौंदर्य दुसरें. जुन्या किंवा अस्पष्ट प्रक्षेपणांतील ठिपके पुसण्याचें काम त्यांत बहुधा होत नाहीं, आणि कित्येक संचांत त्याचे रंगही भडक व निळसर ठेवलेले असतात. दोन तासांचा चित्रपट स्वस्थपणें पाहणाराला ही घाई नको असते.

पण नित्याच्या पाहण्यासाठीं 'व्हिव्हिड' चांगलें, असें मात्र समजूं नये. ही मांडणी दुकानासाठीं असते. दुकानांत दिव्यांचा लखलखाट, शेजारीं दुसरे वीस संच. तेथें गिऱ्हाइकाची नजर खेंचून घेण्यासाठीं चित्र जितकें झगझगीत तितकें बरें. तोच थाट रात्रीं घरांतील मंद उजेडांत डोळ्यांना शिणवितो. आचार्य अत्रे यांचा १९५३ सालचा 'श्यामची आई' हा कृष्णधवल चित्रपट मीं या दोन्ही रीतींनीं पाहिला. व्हिव्हिडमध्यें पांढरें लुगडें निळीच्या पाण्यांतून काढल्यासारखें दिसलें, आणि माणसांची हालचाल काल टिपलेल्या मालिकेसारखी घसरती वाटली. 'सिनेमा' केल्यावर पांढरें पांढरें झालें, आणि चित्रपटाची मूळची चाल परत आली.

या चालीचेंही कारण आहे. चित्रपट दर सेकंदास २४ चित्रें या गतीनें टिपला जातो, आणि तीच त्याची भाषा होय. संचानें मध्यें आपलीं चित्रें घुसडलीं कीं ती भाषा बदलते. २०१८ च्या डिसेंबरांत अभिनेता टॉम क्रूझ आणि दिग्दर्शक ख्रिस्तोफर मॅक्वारी यांनीं, हें कृत्रिम गुळगुळीतपण बंद करा, अशी प्रेक्षकांना विनंती करणारी चित्रफीत प्रसिद्ध केली होती. २०१९ सालीं 'यूएचडी अलायन्स' या संस्थेनें 'फिल्ममेकर मोड' जाहीर केला, त्याचाही हेतु हाच. तो आपल्या संचांत असेल तर चित्रपटासाठीं अवश्य वापरावा. नसेल तर 'सिनेमा' किंवा 'मूव्ही' लावावा, आणि 'मोशन' या नांवाखालीं जें कांहीं असेल तें बंद करावें.

आतां थोडें व्यवहाराचें सांगतों. २ ऑक्टोबर १९७२ रोजीं मुंबईस दूरचित्रवाणी सुरू झाली, त्या काळचे संच हातानें बटण पिळून जुळवावे लागत. म्हणून घरांतील कोणाला तरी तें अवगत असे. आज तीं बटणें पडद्यामागील यादींत लपलीं आहेत, म्हणून त्यांना कोणी हात लावीत नाहीं. तरी भिण्याचें कारण नाहीं. 'ब्राइटनेस' हें पुष्कळ संचांत काळ्या रंगाचें माप असतें. रात्रीच्या प्रसंगांत काळ्या कोटाच्या चुण्या दिसतील, पण काळें राखाडी होणार नाहीं, इतकें तें ठेवावें. 'कॉन्ट्रास्ट' हें पांढऱ्याचें माप. पांढऱ्या सदऱ्याच्या घड्या पुसल्या जाऊं नयेत. एकूण उजेड 'बॅकलाइट'नें कमीजास्त होतो. तो दिवसां अधिक, रात्रीं कमी असावा. 'शार्पनेस' फार वाढविल्यानें चित्रांत नवें कांहीं येत नाहीं; अक्षरांभोंवतीं पांढरी रेघ मात्र येते. ती नाहींशी होईपर्यंत तें खालीं आणावें. रंगाची छटा 'वॉर्म' ठेवावी. पहिले दोन दिवस चित्र पिंवळसर वाटेल. नंतर डोळा रुळतो, आणि पूर्वीचेंच चित्र निळें दिसूं लागतें.

आणि घरांतील तंट्याचें काय? त्याचा निकाल सोपा आहे. पुष्कळ संच प्रत्येक जोडणीची मांडणी स्वतंत्रपणें लक्षांत ठेवतात. गेमचें यंत्र एका एचडीएमआय जोडणीला लावून तेथें गेम मोड ठेवावा, आणि केबलच्या किंवा डिशच्या डब्याच्या जोडणीवर सिनेमा. कांहीं नव्या संचांत तर यंत्र सुरू होतांच गेम मोड आपोआप लागतो. त्यासाठीं 'ऑटो लो लेटन्सी मोड' चालू असावा. एक सूचना मात्र ध्यानांत ठेवावी. 'ओलेड' जातीच्या पडद्यावर एकाच जागीं तासन् तास राहिलेल्या धांवफलकाचा डाग कालांतरानें कायमचा उमटूं शकतो. तेव्हां मुलांच्या खेळाला वेळेची मर्यादा असणें पडद्यालाही हितकर आहे.

शेवटीं माझ्या मूळ गोष्टीकडे येतों. माझ्या वर्गांत फळा दिसत नाहीं म्हणणारीं कितीतरी मुलें येऊन गेलीं. त्यांतील कित्येकांना पुढें चष्मा लागला. तो लागेपर्यंत मीं त्यांना आळशीच समजत होतों. तेंच मीं नातवाच्या बाबतींत पुनः केलें. फरक एवढाच कीं, या वेळीं चूक त्याच संध्याकाळीं कळली, आणि ती कबूल करण्यास तो मुलगा समोर होता. मीं त्याला म्हटलें, "बाळ, तुझें खरें होतें. माझें चुकलें." तो हंसला, आणि दुसरा कंट्रोलर त्यानें माझ्या हातीं दिला. मी पहिल्याच चेंडूवर बाद झालों. या खेपेस पडदा निर्दोष होता, हें मला प्रामाणिकपणें सांगितलें पाहिजे.

आपलें मूल हात वेळेवर चालत असल्याचें सांगत असेल, तर त्याला बोल लावण्यापूर्वीं एकदां रिमोट हातीं घेऊन पाहावा, एवढीच माझी विनंती आहे.