ठाण्यात पोराची सही नाही

(हर्णे येथील बैठकीतले भाषण. बोलले तसेच उतरवून घेतले आहे.)



आज दळीच्या दाव्यांचं बोलत नाही, पोरांचं बोलतो. उद्या बंदरात कुणाचं इंजिन चोरीला गेलं तर पोलिसांची गाडी आधी कुठं येते? आपल्या वाडीवर. पंधरा-सोळाचं पोर उचलतात, रात्रभर बसवून ठेवतात. सकाळी पोर म्हणतं, "हो, मीच केलं." का म्हणतं? घरी सोडतील म्हणून. कुणीतरी ते मोबाईलवर घेतं आणि तालुकाभर फिरवतं. मग लोक म्हणतात, स्वतःच्या तोंडानं बोललाय की!

अमेरिकेत न्यूयॉर्कला १९८९ साली असंच झालं. सेंट्रल पार्क बागेत एका बाईवर अत्याचार झाला. १४ ते १६ वयाची पाच पोरं धरली, काळ्या आणि लॅटिन घरांतली. तासन् तास चौकशी चालली, तिचं शूटिंग नाही. कबुलीच्या वेळी मात्र कॅमेरा लावला. पोरांनी नंतर कबुली नाकारली, तरी पाचही जणांना शिक्षा झाली. २००२ मध्ये दुसऱ्याच माणसानं गुन्हा कबूल केला, त्याचा डीएनए जुळला, तेव्हा शिक्षा रद्द झाल्या. माहितीपट आला २०१२ मध्ये. तो चांगला आहे, पण पोरांची वर्षं तोवर तुरुंगात गेली होती. आपण पिक्चरची वाट बघायची नाही.

कायदा काय म्हणतो? पोलिसांपुढची कबुली कोर्टात पुरावा होत नाही. पण पोरानं सांगितलं आणि त्यावरून वस्तू सापडली, तर तेवढं बोलणं चालतं. "कुठं लपवलंस, दाखव" यातच पोर अडकतं. १८ वर्षांखालच्या मुलाला कोठडीत ठेवता येत नाही. आईबापांना कळवायचं आणि २४ तासांत बाल न्याय मंडळापुढं न्यायचं. कबुलीसाठी जबरदस्ती करायची नाही, जबाबावर त्याची सही घ्यायची नाही, हे २०१६ च्या केंद्राच्या नियमांत लिहिलंय. त्याचं नाव, चेहरा, शाळा छापणं किंवा दाखवणं हा गुन्हा आहे.

पण पोर १८ च्या खालचं आहे हे दाखवणार कशावरून? नाशिकच्या एका खटल्यात भटक्या जमातींच्या सहा जणांना सुप्रीम कोर्टानं २००९ मध्ये फाशी सुनावली. साक्षीदार बाईनं पोलिसांच्या फोटोंतून दुसरेच चार जण ओळखले होते, ते दाबून ठेवलं होतं. २०१९ मध्ये त्याच कोर्टानं सहाही जणांना निर्दोष सोडलं. त्यांतला एक जण गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता, हे फाशी झाल्यावर सिद्ध झालं!

म्हणून दाव्याचे कागद जपता तसा पोराचा शाळेचा दाखला जपा. शाळा नसेल तर ग्रामपंचायतीचा जन्मदाखला काढा. दोन्ही नसले तर हाडांच्या तपासणीवर वय ठरतं, आणि त्यात वर्ष-दोन वर्षं इकडंतिकडं होतात.

पोर उचललं की एकट्या आईनं जायचं नाही, चौघांनी मिळून जायचं. किती वाजता नेलं ते लिहून ठेवायचं. आदिवासीला वकील फुकट मिळतो, तालुक्याच्या विधी सेवा समितीत अर्ज करायचा. आणि आपल्या मोबाईलवर असला व्हिडिओ आला तर पुढं पाठवायचा नाही. ते पोर आज दुसऱ्या वाडीचं आहे, उद्या आपलं असेल.

जिंदाबाद!