साथीचा रोग आणि आपलेपणाची कक्षा

साथीच्या काळात योग्य काय आणि अयोग्य काय, याचा निवाडा वैद्यकशास्त्र एकटे करीत नाही. रोग कसा पसरतो हे शास्त्र सांगते. परंतु रोग्याला घरात ठेवावे की घराबाहेर काढावे, त्याची शुश्रूषा कोणी करावी आणि तो दगावल्यास त्याला खांदा कोणी द्यावा, हे प्रश्न समाज आपल्या जुन्या मूल्यांच्या आधारानेच सोडवत असतो. ठाणे आणि कल्याण-डोंबिवली या शहरांचा अनुभव पाहिला, तर कुटुंबाविषयीचे कर्तव्य आणि शेजारधर्म ही मूल्ये तेथे भरपूर होती असेच दिसते. मात्र ‘आपली माणसे’ या शब्दांत कोणाकोणाला धरायचे, याची सीमा भीतीच्या प्रमाणात आक्रसत गेली, आणि खरा नैतिक प्रश्न तेथेच उभा राहिला.

या प्रश्नाला या परिसरात मोठा इतिहास आहे. सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासियो व्हिएगस यांनी गाठीचा प्लेग ओळखला आणि ४ फेब्रुवारी १८९७ रोजी साथरोग अधिनियम संमत झाला. अवघ्या काही कलमांच्या या कायद्याने सरकारला वाटेल ते उपाय योजण्याची मुभा दिली आणि अधिकाऱ्यांना संरक्षणही दिले. नागरिकाच्या हक्कांविषयी मात्र तो काहीच बोलत नव्हता. मुंबईहून बाहेर पडणाऱ्या प्रवाशांची कल्याण जंक्शनवर तपासणी होऊ लागली. प्लेगची गाठ काखेत किंवा जांघेत येत असल्यामुळे तपासणी म्हणजे अंगाला हात लावणे आलेच, आणि परक्या पुरुषाने घरच्या बायकांना असा हात लावावा, हे कोणत्याही जातिधर्माच्या कुटुंबाला सहन होणारे नव्हते. पुण्यात गोऱ्या सोजिरांनी स्वयंपाकघरात आणि देवघरात शिरून झडत्या घेतल्या, तेव्हा तो क्षोभ २२ जून १८९७ रोजी प्लेग अधिकारी रँडवर झाडलेल्या गोळ्यांपर्यंत जाऊन पोहोचला. त्याच वर्षी, त्याच पुण्याजवळ, सावित्रीबाई फुले आणि त्यांचे पुत्र डॉ. यशवंत प्लेगच्या रोग्यांची सेवा करीत होते आणि त्या सेवेतच संसर्ग होऊन १० मार्च १८९७ रोजी सावित्रीबाईंचा अंत झाला. रोग्याला घरातून दवाखान्यात हलवण्याचे काम दोन्हीकडे चालले होते. पण एकीकडे रोगी संशयित होता आणि दुसरीकडे तो आपला होता. म्हणून त्या काळच्या विरोधाला केवळ अडाणीपणा म्हणून मोडीत काढणे अन्यायाचे ठरेल.

मार्च २०२० मध्ये करोनाच्या साथीमुळे महाराष्ट्राने हाच कायदा पुन्हा लागू केला. २५ मार्चला, म्हणजे ऐन गुढीपाडव्याला, देशभर टाळेबंदी सुरू झाली, आणि १९९९ पासून डोंबिवलीच्या गणेश मंदिर संस्थानाच्या पुढाकाराने निघणारी नववर्ष स्वागतयात्रा त्या वर्षी निघाली नाही. सणावर पाणी सोडणे लोकांनी मनापासून स्वीकारले, हे आवर्जून नोंदवले पाहिजे.

कसोटी लागली ती मे महिन्यात. शहरातील बरेच रुग्ण मुंबईला कामासाठी ये-जा करणारे असल्याचे दिसल्यावर कल्याण-डोंबिवली महापालिकेने असा आदेश काढला, की मुंबईत नोकरी करणाऱ्यांनी ८ मेपासून तेथेच राहावे, रोजची ये-जा बंद. ज्यांना उद्देशून हा आदेश होता ते लोक कोण होते? रुग्णालयांतल्या परिचारिका, पोलीस, बेस्टचे वाहक, सफाई कामगार. लोकल बंद असताना डोंबिवलीच्या इंदिरा चौकात पहाटेपासून बसच्या रांगेत उभे राहणारे आणि परतल्यावर चपला दाराबाहेर काढून, कपडे थेट बादलीत टाकून, आंघोळ झाल्याशिवाय लेकराला जवळ न घेणारे हेच ते लोक. सार्वजनिक आरोग्याच्या नीतिशास्त्रात परस्परतेचे एक तत्त्व मानले जाते: समाजाच्या हितासाठी ज्यांच्यावर जादा भार टाकला जातो, त्यांची सोय पाहणे हे समाजाचे देणे असते. आदेशामागची काळजी खरी होती. परंतु मुक्कामाची आणि जेवणाखाण्याची पक्की व्यवस्था हाती नसताना माणसाला त्याच्या घरापासून तोडण्यात हे देणे बुडत होते. तीव्र विरोध झाल्यावर आदेश बाजूला ठेवावा लागला, हे बरेच झाले.

महापालिकेवर बोट ठेवणे सोपे आहे, पण गृहनिर्माण सोसायट्यांच्या फाटकांवर यापेक्षा फारसे वेगळे घडत नव्हते. वयस्कर शेजाऱ्यांच्या दारात दूध-भाजी पोहोचवणाऱ्या त्याच सोसायटीत कामवाल्या मावशींना महिनोन्‌महिने प्रवेश नसे, आणि त्यांचा पगार चालू ठेवायचा की नाही हे ज्याच्या त्याच्या मर्जीवर सोडलेले असे. येथे शिवाशिवीचा जुना संस्कार नव्या अंतराच्या नियमाला सहज येऊन चिकटला. विषाणूपासून राखायचे अंतर तात्पुरते असते आणि ते सर्वांना सारखेच लागू होते. माणसापासून राखलेले अंतर मात्र नेमके गरिबाच्याच वाट्याला येते.

१५ सप्टेंबर २०२० रोजी सुरू झालेल्या राज्याच्या घरोघरच्या तपासणी मोहिमेला ‘माझे कुटुंब, माझी जबाबदारी’ हे नाव मिळाले. मराठी मनाला ते चटकन पटले, कारण जबाबदारीची जाणीव आपल्याकडे कुटुंबापासूनच सुरू होते. थर्मामीटर आणि ऑक्सिमीटर घेऊन जिने चढणाऱ्या आशाताईंना दार उघडले गेले, ते या भावनेमुळेही. परंतु ज्याचे कुटुंब गावी आहे आणि जो सहा जणांत एका खोलीत राहतो, त्या मजुराची जबाबदारी या घोषणेत कोणाकडे होती? मे महिन्यात नाशिक महामार्गाने कसाऱ्याच्या दिशेने चालत निघालेले तांडे हाच प्रश्न विचारत होते.

मृत्यूच्या बाबतीत तर कुटुंबही हतबल झाले. प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला देह, दुरूनच घेतलेले दर्शन, पालिकेच्या कर्मचाऱ्यांनी दिलेला अग्नी, यांत विधी उरकला जात होता. निरोप मात्र राहून जात होता. दफनाच्या वादात मुंबई उच्च न्यायालयाने २२ मे २०२० रोजी सन्मानाने अंत्यसंस्कार होणे हा जगण्याच्या हक्काचाच भाग असल्याचे म्हटले. ज्यांनी अनोळखी मृतांना अग्नी दिला, माती दिली, त्या स्मशानातल्या आणि कब्रस्तानातल्या कामगारांना लस, विमा आणि कायम नोकरी यांत अग्रक्रम मिळणे, आणि मुंबईत राबणाऱ्या उपनगरवासीयांच्या मुक्कामाचा करार ठाणे आणि कल्याण-डोंबिवली महापालिकांनी बृहन्मुंबईशी साथ नसतानाच करून ठेवणे, ही पुढच्या तयारीतली पहिली दोन कलमे असायला हवीत.