कमी बोलणारा पंतप्रधान



ब्रिटिश पंतप्रधान म्हटले की आपल्याला चर्चिल आठवतात. आज मी त्यांना हरवणाऱ्या क्लेमेंट ॲटली यांच्याविषयी दोन शब्द बोलणार आहे.

१९२८ साली 'सायमन परत जा'च्या घोषणांत आलेल्या कमिशनच्या सात सदस्यांपैकी ते एक होते. याच कमिशनपुढे डॉ. आंबेडकरांनी पुण्यात साक्ष दिली. महायुद्धात ॲटली चर्चिल यांचे उपपंतप्रधान होते. जुलै १९४५ मध्ये मात्र युद्ध जिंकलेल्या चर्चिल यांना मतदारांनी घरी बसवले आणि मजूर पक्षाला ३९३ जागा दिल्या.

देश कर्जात बुडालेला, पावसुद्धा रेशनवर. तरीही ५ जुलै १९४८ रोजी गरीब-श्रीमंत सर्वांसाठी मोफत उपचारांची सरकारी आरोग्यसेवा सुरू झाली. त्याआधी २० फेब्रुवारी १९४७ रोजी त्यांनी हिंदुस्थानातील सत्तांतराची मुदत जाहीर केली होती : जून १९४८. पुढे ती दहा महिने अलीकडे आली, आणि फाळणीत लाखो संसार उद्ध्वस्त झाले. त्या घाईचा दोष त्यांच्याही पदरी घालावाच लागेल.

१९५१ मध्ये त्यांच्या पक्षाला सर्वाधिक मते मिळाली, पण जागा कमी पडल्या. निकाल लागताच त्यांनी राजीनामा दिला.

मंडळी, पुढाऱ्याला तोलताना टाळ्या मोजू नयेत, मागे काय उरले ते पाहावे. आपल्या दारी मते मागायला येणाऱ्यांनाही हाच काटा लावू या.