तांब्यावरची अक्षरं आणि आपला सीमाभाग

(मराठी भाषा गौरव दिनानिमित्त बोरगाव इथं केलेल्या भाषणाचा मजकूर)



मी राज्यशास्त्राची विद्यार्थिनी आहे. आजच्या दिवशी बहुतेक जण कवितेवर बोलतात. मी बोलणार आहे तांब्यावर. वाकाटक राजांचे ताम्रपट हा माझा विषय. हे विषय-नाव ऐकून आमच्या घरातल्या एका आजीनं विचारलं होतं, "हे कायले शिकते तू? नौकरी भेटते का त्यानं?" प्रश्न बरोबर आहे. नोकरीचं मला माहीत नाही. पण आपण सीमाभागातले लोक दर भाषणात म्हणतो, "आमची भाषा इथं फार जुनी आहे, आमचा इतिहास फार जुना आहे." मग तो इतिहास कशात लिहिलेला आहे, तो कोणी वाचला, कसा वाचला, आणि त्यातून काय म्हणता येतं, काय म्हणता येत नाही, हे आपल्याला ठाऊक नको का?

आधी ताम्रपट म्हणजे काय ते सांगते. राजानं कुणाला गाव किंवा जमीन दान दिली की त्याचा हुकूम तांब्याच्या पत्र्यांवर कोरून द्यायचे. पत्र्यांना भोक पाडून त्यात कडी ओवायची, कडीला राजमुद्रा. आजच्या भाषेत रजिस्ट्रीचा कागद, फक्त न फाटणारा. वाकाटकांच्या ताम्रपटांची भाषा संस्कृत आहे आणि लिपी ब्राह्मीचा एक दक्षिणी प्रकार. प्रत्येक अक्षराच्या डोक्यावर एक छोटी चौकोनी पेटी असते, म्हणून तिला पेटिकाशीर्षक लिपी म्हणतात. एकदा पाहिली की विसरत नाही.

आता आपल्या कामाची गोष्ट. वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन इसवी सनाच्या पाचव्या शतकातला. त्याचे ताम्रपट जिथं जिथं सापडले, त्या गावांच्या नावानं अभ्यासक त्यांना ओळखतात. त्या यादीत चम्मक आहे, आणि त्याच यादीत आपल्या छिंदवाड्याकडचा दुदिया आहे, मुलताई तालुक्यातलं पट्टण आहे आणि चक्क पांढुर्णा आहे. पांढुर्णा ताम्रपट त्याच्या राज्याच्या 29 व्या वर्षाचा. म्हणजे जगात कुठंही वाकाटकांवर पुस्तक लिहिलं गेलं की त्यात आपल्या जिल्ह्याचं नाव छापावंच लागतं. आपल्याच पोरांना तेवढं माहीत नसतं.

यात लिहिलेलं काय असतं? सुरुवातीला राजाचे पूर्वज. मग दान घेणाऱ्याचं नाव, गोत्र. मग गाव, आणि पुष्कळदा चारही बाजूंच्या सीमा. आणि मग सवलतींची लांब यादी. ही यादी मला सगळ्यात जास्त आवडते. राजाचे शिपाई या गावात शिरणार नाहीत. गावानं अधिकाऱ्यांना बसायला कातडी, जाळायला कोळसा पुरवायचा नाही. मीठ खणण्याचा राजाचा हक्क इथं चालणार नाही. आता उलटा विचार करा. हे सगळं ज्या गावाला माफ केलंय, त्याच्या शेजारच्या गावाला माफ नव्हतं! म्हणजे साध्या गावाला शिपाई, कोळसा, कातडी, सगळं सोसावं लागत होतं. राजानं स्वतःच्या मोठेपणासाठी कोरलेल्या हुकमातून शेतकऱ्यावरचं ओझं दिसतं. कागद असा वाचायचा असतो.

चम्मकचा ताम्रपट तर राज्यशास्त्राच्या वर्गात शिकवायला पाहिजे. अचलपूरजवळच्या या गावाचं दान 1000 ब्राह्मणांना दिलंय, पण अटी घालून. राज्याविरुद्ध कट करायचा नाही, चोरी-व्यभिचार करायचा नाही, राजाला विष घालायचं नाही, लढाई करायची नाही, दुसऱ्या गावांचं वाईट करायचं नाही. अटी पाळल्या तर दान राहील, मोडल्या तर राजा जमीन काढून घेईल आणि ती चोरी ठरणार नाही. हक्क आणि अट एकत्र लिहिलेला हा दस्त दीड हजार वर्षांपूर्वीचा आहे.

आता हे पाचव्या शतकातलं आहे, हे कशावरून? ताम्रपटावर "इसवी सन अमुक" असं नसतं. राज्याचं 18 वं वर्ष, 23 वं वर्ष एवढंच असतं. ताम्रपटांत लिहिलंय की प्रवरसेनाची आई प्रभावतीगुप्ता, ही महाराजाधिराज देवगुप्ताची मुलगी. हा देवगुप्त कोण? फ्लीट नावाच्या मोठ्या इंग्रज अभ्यासकानं तो मगधातला नंतरच्या काळातला देवगुप्त धरला आणि वाकाटक थेट आठव्या शतकात नेऊन बसवले. बाकीच्यांना शंका होती, पण पुरावा नव्हता. मग पुण्यात एका तांबटाच्या घरातून प्रभावतीगुप्तेचा स्वतःचा ताम्रपट बाहेर आला. त्यात तिनं आपल्या बापाचं नाव स्पष्ट सांगितलं, चंद्रगुप्त, आणि गुप्तांची वंशावळही दिली. म्हणजे देवगुप्त हे दुसऱ्या चंद्रगुप्ताचंच दुसरं नाव. एका बाईनं आपलं माहेर नीट लिहून ठेवलं म्हणून अख्खं राजघराणं तीनशे वर्षं मागं सरकलं आणि आपल्या जागी बसलं.

आणि ही बाई साधी नव्हती. नवरा दुसरा रुद्रसेन लवकर गेला, मुलं लहान. तिनं राज्य चालवलं. तिची राजधानी नंदिवर्धन, म्हणजे रामटेकजवळचं आजचं नगरधन. आपल्या बोरगावातून सकाळी गाडीवर निघालं तर दुपारच्या जेवणाआधी पोचता येईल. तिथं अलीकडं झालेल्या उत्खननात तिच्या नावाची मुद्रा मिळाली.

हे सगळं एकत्र आणून वाचण्याचं मोठं काम नागपूरच्या एका प्राध्यापकानं केलं. वासुदेव विष्णु मिराशी. 1893 मध्ये कोकणात जन्मले, नागपूरला आयुष्य घालवलं. वाकाटकांच्या कोरीव लेखांचा त्यांनी इंग्रजीत संपादित केलेला जाडजूड खंड 1963 मध्ये निघाला. पण त्याच्याही आधी, 1957 मध्ये, त्यांनी "वाकाटक नृपति आणि त्यांचा काल" हे पुस्तक मराठीत लिहिलं. आपल्या लोकांना आपल्या भाषेत कळावं म्हणून.

मिराशींची एक पद्धत सांगते. ताम्रपटात जुन्या गावांची नावं येतात, ती आजच्या नकाशावर कुठं बसतात ते त्यांनी शोधलं. नावाचा आवाज जुळला पाहिजे, नदी जुळली पाहिजे, शेजारची गावं जुळली पाहिजेत. एकच जुळलं तर पुरावा नाही. पट्टणच्या ताम्रपटात वरदाखेट नावाच्या गावाकडं जाणाऱ्या रस्त्याचा उल्लेख आहे. वरदा म्हणजे वर्धा नदी. मिराशींनी मांडलं की हे वरदाखेट म्हणजे वरूड. आपलं वरूड, संत्र्याचं! विचार करा, पट्टण आज मध्य प्रदेशात, वरूड महाराष्ट्रात, आणि त्यांच्यामधला रस्ता पाचव्या शतकातल्या तांब्यावर कोरलेला. तो ताम्रपट लिहिणाऱ्याचं नाव होतं कालिदास. नाही नाही, तो कवी कालिदास आहे असं मी म्हणत नाही. नाव सारखं असलं म्हणजे माणूस एक होत नाही. देवगुप्ताच्या बाबतीत फ्लीटसारखा मोठा माणूसही नेमका इथंच अडकला होता.

आता थोडी कडू गोष्ट बोलते, राग मानू नका.

हे ताम्रपट सांगून "म्हणून हा भाग मराठी" असं आपण म्हणू शकत नाही. ते संस्कृतात आहेत. पाचव्या शतकात आजच्यासारखी मराठीही नव्हती, महाराष्ट्र-मध्य प्रदेश तर नव्हतेच. जुना राजा दाखवून आजची सीमा मागायला लागलं तर भारतातला प्रत्येक जिल्हा चार-चार जण मागतील. आपल्याच भागात वाकाटक होते, राष्ट्रकूट होते, आणि देवगडचे गोंड राजे होते. ज्या नागपूरकडं आपण कायम तोंड करून असतो, ते 1702 मध्ये वसवलं देवगडच्या बख्त बुलंद शाहनं. देवगड आहे आपल्या छिंदवाड्यात. भोसले नंतर आले. मग हा इतिहास सांगताना गोंडी बोलणाऱ्या आपल्या शेजाऱ्यांना बाहेर कसं ठेवणार?

मग आपलं काय? आपलं आहे, आणि भक्कम आहे, फक्त नीट सांगायला पाहिजे. प्रवरसेनाच्या नावावर "सेतुबंध" नावाचं महाकाव्य आहे. रामानं बांधलेल्या सेतूची कथा, 15 आश्वासांत. भाषा कोणती? महाराष्ट्री प्राकृत. दंडी नावाच्या जुन्या काव्यशास्त्रकारानं महाराष्ट्रातली प्राकृत ही श्रेष्ठ प्राकृत म्हटली आणि उदाहरण दिलं ते याच सेतुबंधाचं. म्हणजे दानाचा दस्त संस्कृतात लिहिणारा राजा काव्य मात्र प्राकृतात करतो. मराठीचं मूळ अभ्यासक याच महाराष्ट्री प्राकृतात शोधतात. आणि हा ग्रंथ 1880 मध्ये छापून कोणी काढला? गोल्डश्मिट नावाच्या जर्मन पंडितानं. आपल्या मुलखातल्या राजाचं काव्य, भाषांतर जर्मनमध्ये.

दुसरं, रिद्धपूर. प्रभावतीगुप्तेचा एक ताम्रपट तिथला, आणि आठशे वर्षांनंतर गोविंदप्रभू तिथलेच. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या आठवणी माणसामाणसाला विचारून गोळा केल्या आणि लीळाचरित्र तयार झालं, मराठीतला आद्य गद्यग्रंथ. महानुभावांनी आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत ठेवले होते. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासाचार्य राजवाड्यांनी त्या लिपीची किल्ली शोधली, तेव्हा बाहेरच्या जगाला ते वाचता आले. पुढं वि. भि. कोलत्यांनी पोथ्या ताडून लीळाचरित्र संपादित केलं, ते 1978 मध्ये निघालं. लीळाचरित्रात जी बोली आहे, त्यातले कितीतरी शब्द, कितीतरी वळणं वऱ्हाडातल्या म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्याच्या जवळची वाटतात. ज्या बोलीला शाळेत "गावठी" म्हणून आपली पोरं लाजतात, तिच्या अंगणातच मराठी गद्य जन्मलं.

मग अडचण कुठं आहे? 1 नोव्हेंबर 1956. तेव्हाच्या मध्य प्रदेशातून विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, छिंदवाडा मध्य प्रदेशात राहिला. सौंसर-पांढुर्णाचे आपण इकडं. मी आज सीमेवर वाद घालायला उभी नाही. पण ज्ञानाच्या बाबतीत काय झालं ते बघा. तांबं इकडच्या जमिनीत, पुस्तकं तिकडच्या ग्रंथालयात. मिराशींचं, कोलत्यांचं लिखाण मराठीत, आणि आमच्या पिढीतली कितीतरी पोरं घरी मराठी बोलतात पण मराठीचं एक पान वाचताना अडखळतात, कारण शाळा सगळी हिंदीत झाली. हिंदी वाईट नाही, मला हिंदी आवडते. पण घरची भाषा वाचता येत नसेल तर माणूस आपल्याच घराचा कागद दुसऱ्याकडून वाचून घेतो.

आणि 1956 मध्येच, सातव्या घटनादुरुस्तीनं, राज्यघटनेत कलम 350-अ आलं. भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळण्याच्या पुरेशा सोयी करण्याचा प्रयत्न प्रत्येक राज्यानं करावा, असं ते सांगतं. म्हणजे रेघ ओढली त्याच वर्षी रेघेच्या चुकीच्या बाजूला राहणाऱ्यांसाठी सोयही लिहून ठेवली. आपली मागणी या कलमावर उभी राहते. तिला दीड हजार वर्षं जुन्या राजाची शिफारस लागत नाही. इतिहास मागणीसाठी वापरायचा नाही, मागणी इतिहास वाचता यावा म्हणून करायची. मला एवढाच फरक सांगायचा होता.

शेवटी तीन कामं सांगते, तिन्ही बिनपैशाची.

एक. विहीर खणताना, घराचा पाया घेताना, आपल्या इकडं कारखान्यांसाठी जमीन उकरताना तांब्याचा पत्रा, नाणं, कोरलेला दगड निघाला तर तो भंगारवाल्याला देऊ नका. 1878 च्या कायद्यानं, दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचं असं काही जमिनीत सापडलं तर कलेक्टरला कळवावं लागतं. फोटो काढा, जागा लिहा, कळवा. आणि घासू नका! चिंच लावून चकचकीत केलेल्या तांब्यावर अक्षर उरत नाही.

दोन. घरात पेटीच्या तळाशी मोडीतले कागद असतील तर ते जाळू नका, नदीत सोडू नका. मोडी शिकायला फार वेळ लागत नाही. आपल्यातल्या चार पोरांनी शिकली तर पुष्कळ काम होईल.

तीन. आपल्या गावच्या शेतांची, नाल्यांची, टेकड्यांची, पांदणींची नावं म्हाताऱ्या माणसांकडून लिहून घ्या. मराठी नाव, गोंडी नाव, दोन्ही. मिराशींना वरदाखेट सापडलं कारण लोकांनी पंधराशे वर्षं ते नाव तोंडात जिवंत ठेवलं होतं. सरकारी नकाशात असलेली नावं टिकतील. नकाशात नसलेली नावं फक्त इथं समोर बसलेल्या आजी-आजोबांच्या तोंडात आहेत, आणि ती लिहायला आपल्याकडं फार वर्षं नाहीत.

वही-पेन मी घेऊन आले आहे. कार्यक्रम संपला की मागच्या टेबलाशी बसते. आजोबा, तुमच्या वावराजवळच्या नाल्यापासून सुरुवात करू.