दयेकडून हक्काकडे



पडद्यावरचा अपंग माणूस बहुधा दोनच रूपांत भेटतो : करुणेचा विषय म्हणून, किंवा एकट्याच्या जिद्दीने संकटांवर मात करणारा वीर म्हणून. दोन्ही रूपांत समाज नामानिराळा राहतो आणि इमारतींच्या पायऱ्या जिथल्या तिथे राहतात. अमेरिकन कार्यकर्ते जिम लेब्रेक्ट यांनी निकोल न्यूनहॅम यांच्यासह दिग्दर्शित केलेला ‘क्रिप कॅम्प’ (2020) हा माहितीपट या दोन्ही वाटा नाकारतो.

लेब्रेक्ट यांच्या पाठीच्या कण्यात जन्मतःच व्यंग आहे. इतरांच्या नाटक-चित्रपटांचे ध्वनिसंयोजन त्यांनी वर्षानुवर्षे केले. येथे त्यांनी स्वतःचे आयुष्य मांडले. 1971 साली, शाळकरी वयात, ते न्यूयॉर्क राज्यातील कॅम्प जेनेड या अपंगांच्या उन्हाळी शिबिरात गेले. तेव्हाचे चित्रण माहितीपटात आहे. कोणता पदार्थ रांधावा यावर चर्चा चालते आणि चाकांच्या खुर्चीतील ज्युडिथ ह्यूमन एकेकाचे मत विचारते. एका मुलीचे उच्चार समजण्यास कठीण. तरी तिचे बोलणे पुरे होईपर्यंत सारे थांबतात. लोकशाहीचा पहिला धडा याहून वेगळा काय असतो?

पुढे याच ह्यूमन यांच्या नेतृत्वाखाली लढा उभा राहिला. सरकारी पैशावर चालणाऱ्या संस्थांत अपंगांबाबत भेदभाव करण्यास 1973 च्या कायद्याने मनाई केली होती. पण अंमलबजावणीचे नियम सरकार अडवून बसले होते. एप्रिल 1977 मध्ये शंभराहून अधिक लोकांनी सॅन फ्रान्सिस्कोतील सरकारी कचेरीत ठाण मांडले. दूरध्वनी तोडले गेले, तेव्हा बहिऱ्या साथींनी खिडकीतून खुणांच्या भाषेत निरोप पोचवले. ब्लॅक पँथर पक्षाने रोज गरम जेवण पुरवले. तीन आठवड्यांहून अधिक काळानंतर, 28 एप्रिलला, मंत्र्यांना नियमांवर सही करावी लागली.

लेब्रेक्ट यांची आत्मकथा अशी शेकडोंची कथा होते, हेच तिचे मोल. दुःख एकट्याचे मानले तोवर त्याला दया मिळते. ते सर्वांचे म्हणून मांडले की त्यातून मागणी जन्मते.

भारतातही 1995 आणि 2016 साली कायदे झाले. परंतु सभा माडीवर भरवायची आणि अपंग साथी का येत नाहीत म्हणून विचारायचे, ही रीत परिवर्तनाची भाषा बोलणाऱ्यांतही सुटलेली नाही. चाकांची खुर्ची वाटतानाचे छायाचित्र सोपे असते. ती खुर्ची व्यासपीठापर्यंत पोचेल असा उतार बांधणे, आणि तिच्यात बसलेल्याचे बोलणे पुरे होईपर्यंत थांबणे, हे खरे काम होय.