मृतांच्या दलदलींतील दिवे

भूत म्हणजे माणसाची अपुरी राहिलेली वासना, अशी महाराष्ट्रांतील जुनी समजूत आहे. दहाव्या दिवशीं पिंडाला कावळा शिवेनासा झाला, कीं गेलेल्याचें मन कोठें तरी गुंतलें आहे असें वडील मंडळी ओळखतात. मग कोणी पुढें होऊन मुलांना सांभाळण्याचा किंवा कर्ज फेडण्याचा शब्द देतो; कावळा झेप घेतो, आणि सर्वांचा जीव भांड्यांत पडतो. या समजुतींतील मृताला कांहीं तरी हवें असतें, व तें मिळालें म्हणजे तो शांत होतो. परंतु ज्या छायेला कांहींच नको आहे, जी केवळ एका जुन्या दुःखाची आकृति म्हणून उरली आहे, तिला कोणता शब्द द्यावा?

इंग्रज ग्रंथकार जे. आर. आर. टॉल्किन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या अद्भुतकथेंत अशा छाया भेटतात. १९५४ सालीं प्रसिद्ध झालेल्या तिच्या दुसऱ्या खंडांत, मध्य-पृथ्वी नामक कल्पित जगांतील एका दलदलीचें वर्णन आहे. फ्रोडो आणि त्याचा विश्वासू सेवक सॅम हे दोघे हॉबिट, म्हणजे माणसाच्या निम्म्या उंचीचे, घरदार आणि बागबगीचा यांतच सुख मानणारे जीव, शत्रूच्या मुलखाकडे चालले आहेत. गॉलम नांवाचा एक दुष्ट, पण तितकाच दुःखी प्राणी त्यांना वाट दाखवीत आहे. तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीं तेथें जवळच घनघोर संग्राम झाला होता. पुढें दलदल पसरत गेली आणि तिनें मृतांचीं थडगीं गिळलीं.

अंधार पडतांच पाण्यावर फिकट ज्योती हलूं लागतात. सॅम ठेंचाळून पडतो. त्याचें तोंड पाण्याजवळ जातें आणि तो दचकून मागें सरतो. पाण्याखालीं चेहरे आहेत! कांहीं क्रूर, कांहीं उदात्त व खिन्न. कांहीं शत्रूचे, कांहीं मित्रांचे. जिवंतपणीं जे एकमेकांवर तुटून पडले, ते आतां एकाच पाण्याखालीं सारखेच कुजत पडले आहेत. गॉलमनें पूर्वीं एकदां त्यांच्यापर्यंत हात पोंचविण्याचा प्रयत्न केला होता. पण हाताला कांहींच लागलें नाहीं. ते दिसतात, परंतु सांपडत नाहींत.

येथें टॉल्किन यांच्या कल्पनेची खोली दिसून येते. या छाया कोणाला झपाटीत नाहींत, सूड मागत नाहींत. इतकेंच काय, पाहणाराकडे त्यांचें लक्षहि नसतें. तरीहि त्या भयंकर आहेत, कारण पाहणारालाच त्यांचा मोह पडतो. फ्रोडो त्या ज्योतींकडे पाहत खिळून उभा राहतो. त्याच्या हातांतून पाणी आणि गाळ निथळत असतो. आणखी थोडा वेळ तो तसाच राहता, तर गॉलमच्या इशाऱ्याप्रमाणें तोहि मृतांमध्यें जाऊन आपली ज्योत लावून बसला असता. तेथून त्याला पुढें नेण्यास मंत्रतंत्र लागत नाहीं. सॅमची हांक पुरते.

याच ग्रंथाच्या तिसऱ्या खंडांत दुसऱ्या प्रकारचीं भुतें आहेत. राजाला दिलेलें वचन मोडल्यामुळें तीं डोंगराखालीं अडकलेलीं असतात, आणि वचन पुरें होतांच मुक्त होतात. पिंडाला कावळा शिवावा तसा त्यांचा हिशेब मिटतो. दलदलींतील मृतांना मात्र कोणतेंहि ऋण फेडावयाचें नाहीं. म्हणून त्यांना सुटकाहि नाहीं.

या कल्पनेमागें प्रत्यक्ष अनुभव होता. १९१६ सालीं टॉल्किन हे फ्रान्समध्यें, सोम नदीच्या रणांगणावर, संदेशवहनाचे अधिकारी होते. १ जुलै या लढाईच्या पहिल्याच दिवशीं ब्रिटिश सैन्याचे १९,००० हून अधिक लोक मरण पावले. त्यांत टॉल्किन यांचे शाळासोबती रॉबर्ट गिल्सन होते. ३ डिसेंबर रोजीं दुसरे जिवलग मित्र जेफ्री बाख स्मिथ जखमांनीं वारले. तोफगोळ्यांनीं पडलेले खड्डे, त्यांत सांचलेलें पाणी आणि त्या पाण्यांत पडलेलीं प्रेतें, हें त्या भूमीचें नित्याचें दृश्य होतें. १९६० मधील एका पत्रांत टॉल्किन यांनीं या दलदलीचें कांहीं ऋण सोमच्या लढाईनंतरच्या उत्तर फ्रान्सला दिलें. मात्र त्याहून अधिक ऋण विल्यम मॉरिस यांच्या कथांचें आहे, असेंहि त्यांनीं तेथेंच नमूद केलें.

स्मिथ यांनीं मृत्यूपूर्वीं कांहीं महिने टॉल्किन यांस एक पत्र लिहिलें होतें. आपण मारले गेलों तरी मित्रमंडळांतील कोणी तरी मागें राहील आणि सर्वांनीं मिळून पाहिलेलें स्वप्न बोलून दाखवील, हेंच आपलें मोठें समाधान, असा त्याचा आशय होता. १९१८ सालीं स्मिथ यांच्या कविता टॉल्किन यांच्या प्रास्ताविकासह पुस्तकरूपानें प्रसिद्ध झाल्या. त्यांचें स्वतःचें महाकथानक त्यानंतर छत्तीस वर्षांनीं वाचकांच्या हातीं पडूं लागलें.

ज्या घरांतून कोणी अकालीं गेलें आहे, तेथें या दलदलीचा अर्थ वेगळा सांगावा लागत नाहीं. पाण्यांत वाकून ते चेहरे पाहणें कोणाला चुकत नाहीं, आणि चुकवूंहि नये. परंतु तेथेंच थांबून राहणाराचा जीव हळूहळू त्या पाण्याचा होतो. मृतांना कांहीं नको असेल, त्यांना द्यावयास शब्दहि नसेल. तरी त्यांचा राहून गेलेला शब्द पुढें नेणें हें जिवंतांच्या हातीं असतें. त्यासाठीं कोणाची तरी हांक ऐकून पुढचें पाऊल टाकावेंच लागतें.