स्पेनची जेनी: गोल आणि एक तक्रार

 

आज आम्ही फुटबॉलबद्दल बोलणार आहोत. लगेच आवाज कमी करू नका. खेळाचे नियम ठाऊक नसले तरी चालतंय. दोन्ही बाजूंना अकरा-अकरा जणी, चेंडू पायाने मारायचा, समोरच्यांच्या जाळीत गेला की गोल. पुढे राहून गोल करणं हे जिचं मुख्य काम, तिला स्ट्रायकर म्हणतात. आजची गोष्ट अशाच एका स्ट्रायकरची आहे, स्पेन देशातल्या जेनिफर एर्मोसोची. सगळे तिला जेनी म्हणतात. इंग्रजीत तिच्या आडनावाला 'ह' लावतात, पण तिकडच्या भाषेत तो ह बोलत नाहीत. एर्मोसो म्हणजे सुंदर.

तिचं नाव आपल्याकडे पोचलं ते २०२३ च्या ऑगस्टमध्ये. तिच्या देशाने विश्वचषक जिंकला आणि बक्षीस घेताना फुटबॉल महासंघाच्या अध्यक्षाने तिचं डोकं दोन्ही हातांनी धरून तिच्या ओठांचं चुंबन घेतलं. तो काही सेकंदांचा तुकडा सगळ्या जगाच्या मोबाइलवर फिरला. त्याबद्दल आम्ही बोलणारच आहोत. पण आधी तिचा खेळ सांगतो, कारण त्या तुकड्यामागे वीस वर्षांची मेहनत होती, ती कुणी पुढे पाठवली नाही.

जेनीचा जन्म ९ मे १९९० चा, माद्रिद शहरातल्या काराबांचेल भागातला. ही कष्टकऱ्यांची वस्ती. तिचे आजोबा ॲटलेटिको माद्रिद या नावाजलेल्या क्लबचे गोलकीपर होते. नातीचा पाय चेंडूवर बसतोय हे त्यांनी ओळखलं आणि तिला आपल्या क्लबकडे नेलं. बाराव्या वर्षी, २००२ साली, ती तिथल्या मुलींच्या संघात गेली. या आजोबांचं आम्हाला फार कौतुक वाटतं.

त्या काळी स्पेनमध्ये बाईने फुटबॉल खेळून पोट भरावं असं काही नव्हतं. पुरुषांचा राष्ट्रीय संघ १९२० पासून खेळत होता. बायकांच्या संघाचा पहिला अधिकृत सामना झाला १९८३ साली. मधली साठ-बासष्ट वर्षं बायकांना खेळावंसं वाटलं नाही असं थोडंच आहे? खेळत होत्या, पण महासंघ त्यांना संघ मानायला तयार नव्हता.

२०१० साली जेनी माद्रिदमधल्याच रायो वायेकानो संघात गेली आणि पहिल्याच हंगामात त्यांनी लीग जिंकली. २०१३ मध्ये स्वीडन. २०१४ मध्ये बार्सिलोना. २०१७ मध्ये फ्रान्सला, पॅरिसच्या संघात. पुढच्या वर्षी परत ॲटलेटिको, आणि २०१९ मध्ये परत बार्सिलोना. दर दोन-तीन वर्षांनी बिऱ्हाड हलवायचं. पुरुष खेळाडू संघ बदलतो तेव्हा कोट्यवधींचे आकडे ऐकू येतात, बायकांचं तसं नव्हतं. स्पेनमधली बायकांची लीग व्यावसायिक म्हणून जाहीर झाली तीच मुळी २०२१ साली. त्याआधी २०१९ च्या नोव्हेंबरमध्ये लीगमधल्या खेळाडूंनी संप केला होता. मागण्या साध्या होत्या: किमान पगार ठरवा, बाळंतपणात हक्क द्या, सगळं कागदावर आणा. २०२० च्या फेब्रुवारीत करारावर सह्या झाल्या. पूर्णवेळ खेळाडूला वर्षाला किमान १६,००० युरो. रुपयांत ही रक्कम मोठी वाटेल, पण तिकडचं घरभाडं आणि किराणा धरला तर बेताचीच.

या सगळ्यात जेनी गोल करत राहिली. एका हंगामात लीगमध्ये सगळ्यात जास्त गोल करणारीला तिकडे खास मान देतात. जेनीला तो पाच वेळा मिळाला. २०१६-१७ च्या हंगामात तिचे एकटीचे ३५ गोल होते. मे २०२१ मध्ये बार्सिलोनाने चेल्सीला ४-० ने हरवून युरोपची सर्वांत मोठी स्पर्धा जिंकली, त्या संघात ती होती. त्याच वर्षी जगातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या निवडीत ती दुसरी आली. पहिली आली तिच्याच संघातली अलेक्सिया पुतेयास. २२ एप्रिल २०२२ ला बार्सिलोनाचा सामना बघायला ९१,६४८ माणसं आली होती, आणि बार्सिलोनाच्या पाच गोलांपैकी एक जेनीचा होता. ज्या खेळाला बासष्ट वर्षं दार बंद होतं, त्याला एक्याण्णव हजारांवर माणसं.

त्याच वर्षी ती मेक्सिकोतल्या पाचुका क्लबकडे गेली. स्पेनच्या महिला संघाकडून सर्वांत जास्त गोल तिच्या नावावर आहेत, पन्नासहून अधिक.

आता महासंघाबद्दल. खेळाडूंचं आणि वरच्यांचं तिथे पहिल्यापासून जमत नव्हतं. २०१५ साली स्पेनच्या बायका पहिल्यांदा विश्वचषकाला गेल्या, जेनीही होती. पहिल्या फेरीतच बाहेर पडल्या. परत येऊन त्यांनी एकत्र निवेदन काढलं की हे प्रशिक्षक आता नकोत. ते गृहस्थ २७ वर्षं त्या खुर्चीवर होते! त्यांना जावं लागलं. २०२२ च्या सप्टेंबरमध्ये पुन्हा तेच. नवे प्रशिक्षक, आणि पंधरा खेळाडूंनी महासंघाला ईमेल केले की या वातावरणात आम्हाला बोलावू नका, मनावर परिणाम होतोय. महासंघ म्हणाला, आधी माफी मागा. त्या पंधरांत जेनी नव्हती. त्यांपैकी तिघीच पुढे विश्वचषक खेळल्या.

मजा अशी की त्याच सुमारास, ३० ऑक्टोबर २०२२ ला, आपल्या नवी मुंबईत स्पेनच्या सतरा वर्षांखालील मुलींनी विश्वचषक जिंकला. उपांत्य सामना गोव्यात, मडगावला झाला होता. तेव्हा नवी मुंबईतल्या कुणी त्या पोरी डोळ्यांनी पाहिल्या असतील. मोठ्यांचं भांडण चालू होतं आणि या पोरी चषक घेऊन घरी गेल्या.

२० ऑगस्ट २०२३, ऑस्ट्रेलियातलं सिडनी शहर. अंतिम सामना स्पेन आणि इंग्लंडचा. ओल्गा कार्मोनाने गोल केला. जेनीला पेनल्टी मिळाली होती, ती समोरच्या गोलकीपरने अडवली. तरी १-० ने स्पेन जिंकलं. मग बक्षीस समारंभ, आणि अध्यक्ष लुईस रुबियालेस यांचं ते वागणं.

इथून पुढचं नीट ऐका.

खोलीत गेल्यावर जेनी मैत्रिणींना म्हणाली की मला ते आवडलं नाही. बसमध्ये सगळ्या नाचत-गात होत्या, विश्वचषक जिंकला होता, तीही हसली. मग महासंघाने तिच्या नावाने एक निवेदन वृत्तसंस्थेला दिलं. त्यात म्हटलं होतं की आनंदाच्या भरात दोघांकडून ते आपसूक घडलं. ते शब्द आपले नव्हते, असं जेनीने पुढे न्यायालयात सांगितलं. मैत्रिणींनो, ठरावाच्या वहीत आपलं नाव घालायचं आणि काय लिहिलं ते आपल्याला नंतर कळायचं, हा अनुभव आपल्यातल्या किती जणींना आहे! परतीच्या विमानात अध्यक्ष तिच्याजवळ आले, दोघं मिळून एक व्हिडिओ करू म्हणाले. ती नाही म्हणाली. प्रशिक्षक तिच्या भावाशी जाऊन बोलले. बाई ऐकत नाही म्हटलं की घरच्या पुरुषाला गाठायचं, ही रीत तिकडेही आहे तर.

२५ ऑगस्टला महासंघाची सभा झाली. अध्यक्ष राजीनामा देतील असं सगळ्यांना वाटत होतं. ते उभे राहिले आणि एकदा नाही, पाच वेळा म्हणाले, मी राजीनामा देणार नाही. सभागृहात टाळ्या वाजल्या. त्यानंतर महासंघाने फोटोंचा आधार घेऊन सांगितलं की तिनेच त्यांना उचललं होतं, आणि वर तिच्यावरच कायदेशीर कारवाईची भाषा केली.

त्याच दिवशी ८१ खेळाडूंनी निवेदन काढलं. विश्वचषक जिंकलेल्या तेवीसच्या तेवीस जणी त्यात होत्या. हे पदाधिकारी असेपर्यंत आम्ही देशाकडून खेळणार नाही, असं त्यात होतं. वर्षभरापूर्वी याच संघात पंधरा एका बाजूला आणि बाकीच्या दुसऱ्या बाजूला होत्या, त्यामुळे हा आकडा आम्हाला मोठा वाटतो. दुसऱ्या दिवशी जागतिक महासंघाने, फिफाने, रुबियालेस यांना निलंबित केलं. अध्यक्षांच्या आई गावातल्या चर्चमध्ये उपोषणाला बसल्या. आईची माया आम्हाला समजते, पण तिकडे जेनीलाही आई होतीच की.

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात जेनीने सरकारी वकिलांकडे तक्रार नोंदवली. प्रशिक्षकांना काढलं. १० सप्टेंबरला अध्यक्षांनी राजीनामा दिला. पुढे फिफाने त्यांच्यावर तीन वर्षांची बंदी घातली.

एक माहिती इथेच देतो. आपल्याकडे कामाच्या जागी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्ध २०१३ चा कायदा आहे. दहा किंवा जास्त माणसं जिथे कामाला आहेत तिथे अंतर्गत समिती असायला हवी. शेतमजुरी, घरकाम, वीटभट्टी अशा ठिकाणी राबणाऱ्या बाईसाठी जिल्ह्याची स्थानिक समिती असते. तक्रार घटनेपासून तीन महिन्यांत लेखी द्यायची, आणि लिहिता येत नसेल तर लिहून घ्यायला समितीनेच मदत करायची असते.

स्पेनमध्ये २०२२ पासून नवा कायदा आहे. बाईने 'नाही' म्हटलं होतं का, हे बघत बसायचं नाही. तिने 'हो' म्हटलं होतं का, ते बघायचं. खटला उभा राहिला २०२५ च्या फेब्रुवारीत. समोरच्या वकिलांनी बसमधला व्हिडिओ दाखवला की बघा, ही हसतेय. हा प्रश्न आम्हाला ओळखीचा आहे. आपल्याकडेही विचारतात, मग त्या दिवशी लग्नात कशी नाचलीस? जेनीने सांगितलं की मला आवडलं नाही हे कळावं म्हणून मी खोलीत रडतच बसायला हवं होतं असं नाही. ती विश्वविजेती होती आणि तो दिवस तिचाही होता. हेही म्हणाली की तो माझा वरिष्ठ होता आणि कामाच्या ठिकाणी असं व्हायला नको.

२० फेब्रुवारीला निकाल आला. रुबियालेस लैंगिक अत्याचाराचे दोषी ठरले. दंड १०,८०० युरो, म्हणजे साधारण दहा लाख रुपये. जेनीला ३,००० युरो भरपाई, आणि वर्षभर तिच्यापासून दोनशे मीटरच्या आत यायचं नाही. सरकारी वकिलांनी अडीच वर्षांच्या कैदेची मागणी केली होती, ती मान्य झाली नाही. दबाव आणल्याचा आरोप सिद्ध झाला नाही, त्यातून रुबियालेस, प्रशिक्षक आणि आणखी दोघे सुटले. जूनमध्ये अपिलातही हाच निकाल कायम राहिला. दंड कमी की पुरेसा, यावर आमच्यातच एकमत नाही. काही जणी म्हणतात, एवढ्या पैशाने त्या माणसाला काय फरक पडणार. काही म्हणतात, 'दोषी' हा शब्द कागदावर आला तो मोठा. आम्हाला विचाराल तर दबावाच्या आरोपाचं जे झालं ते जास्त खटकतं, कारण त्या दिवसांत तिला खरा त्रास त्याचाच झाला असणार.

या काळात तिच्या खेळाचं काय झालं? सप्टेंबर २०२३ मध्ये नव्या प्रशिक्षिकेने संघ जाहीर केला, त्यात जेनी नव्हती. कारण दिलं, तिला जपायचंय म्हणून. जेनीने जाहीरपणे विचारलं, कशापासून, कुणापासून? ऑक्टोबरमध्ये तिला घेतलं. इटलीत सामना होता, शेवटच्या मिनिटांपर्यंत एकही गोल नव्हता, आणि मग जेनीने मारला. १-० ने जिंकल्या. पॅरिस ऑलिंपिकमध्ये कोलंबियाविरुद्ध संघ मागे पडलेला असताना तिचा गोल कामी आला, पण पदक हुकलं, चौथ्या आल्या. पुढे साधारण वर्षभर तिला देशाच्या संघात बोलावणं नव्हतं. ती मेक्सिकोत टिग्रेस क्लबकडून खेळत होती. २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये पुन्हा यादीत नाव आलं. यादी करणारी होती सोनिया बर्मुदेस, पूर्वी रायोमध्ये आणि बार्सिलोनात जेनीच्या बरोबरीने खेळलेली. तेव्हा जेनीला पस्तीस वर्षं पूर्ण झाली होती.